सूर्याच्या मागोमाग : फुजीच्या सरोवरांच्या प्रदेशातील एक दिवस

टोकियोहून एका दिवसात फुजी पर्वत पाहून परत येणे अजिबात अवघड नाही. अंतर सुमारे १०० किलोमीटर आहे, शहरातल्या शिंजुकू भागाहून फुजीजवळच्या कावागुचि सरोवरापर्यंत थेट बस जाते, थेट रेल्वेगाडी आहे आणि मोठ्या बसमधून नेणाऱ्या सहलींचा तर सुकाळ आहे. असे असताना आम्ही खासगी गाइड आणि गाडी घेऊन गेलो, याचे कारण सुरुवातीला अगदी व्यवहारी होते. आईचे गुडघे दुखतात, ती शुद्ध शाकाहारी आहे आणि भूगोल शिकवून निवृत्त झालेल्या बाबांना बसच्या घोषणेत बसणार नाहीत इतके प्रश्न पडतात. ताई टोकियोत निशिकासाई भागात राहते. तिच्या मते आईबाबांसाठी केलेला हा एक मोठा खर्च कारणी लागणारा होता. तो लागलाच, पण आम्ही धरलेल्या कारणांहून निराळ्या कारणांमुळे. खासगी गाइडचे खरे मोल गाडीच्या आरामात नसून दिवसाच्या क्रमात आणि गाळलेल्या गोष्टींत असते, असे माझे आता मत झाले आहे. फुजीचे शिखर ढगाआड गेले तरी फुजीने घडवलेला प्रदेश कुठेही जात नाही, आणि तो वाचून दाखवणारे माणूस सोबत असेल तर त्याच्यासाठीच तेथे जावे.

गाइड निवडताना लागणारी काही माहिती आधी सांगते, कारण ती आम्हालाही शोधून काढावी लागली होती. जपानमध्ये दुभाषी-गाइडसाठी राष्ट्रीय परीक्षा आहे आणि ती उत्तीर्ण होऊन नोंदणी केलेल्यांनाच ते अधिकृत बिरुद लावता येते. पूर्वी पैसे घेऊन परदेशी भाषेत मार्गदर्शन करण्यासाठी हा परवाना सक्तीचा होता. जानेवारी २०१८ पासून ती सक्ती उठली, त्यामुळे आता परवाना नसलेली व्यक्तीही हे काम कायदेशीरपणे करू शकते. अशांपैकी काही जण उत्तम असतातही, पण परीक्षेत जपानचा भूगोल आणि इतिहास असतो, आणि आम्हाला तर नेमके तेच हवे होते. दुसरी गोष्ट गाडीची. भाडे घेऊन प्रवासी नेणाऱ्या व्यावसायिक गाडीची नंबर पाटी हिरवी असते. पांढऱ्या पाटीच्या स्वतःच्या गाडीतून ‘गाइडच गाडी चालवेल’ असे स्वस्तात सांगणारे पुष्कळ भेटतात, पण त्यांतील बहुतेकांना प्रवासी वाहतुकीचा परवाना नसतो, आणि अपघात झाला तर विम्याचा प्रश्न उभा राहतो. म्हणून आमच्याबरोबर गाइड बाई वेगळ्या होत्या आणि चालक वेगळे होते. खर्च वाढला, पण वाटेत प्रश्न विचारताना समोरच्या माणसाचे लक्ष रस्त्यावरून हटते आहे, ही धास्ती राहिली नाही.

ठरवाठरवीच्या पत्रव्यवहारात मी पाहायच्या ठिकाणांची एक लांबलचक यादी पाठवली होती. त्यात आराकुरायामा सेंगेन उद्यानातील तो पाच मजली लाल पॅगोडा होता, पर्वताच्या पाचव्या टप्प्यापर्यंत जाणारा घाटरस्ताही होता. गाइड बाईंनी ती नाकारली नाही. उलट काही प्रश्न विचारले. आईला एका वेळी किती पायऱ्या चढता येतात, मासळीचा अर्क असलेला रस चालतो का, आणि फुजी दिवसभर दिसलाच नाही तर तुम्हाला काय पाहायला आवडेल? या शेवटच्या प्रश्नावर बाबा इतके खूश झाले की त्यांनी स्वतः उत्तर लिहायला घेतले. लाव्हारस कुठवर आला होता ते पाहायचे आहे, एवढेच त्यांनी कळवले.

त्यानंतर आलेला आराखडा वाचताना प्रथमच लक्षात आले की दिवसाची आखणी घड्याळापेक्षा सूर्यावर केलेली आहे. पाचही सरोवरे फुजीच्या उत्तर अंगाला, पूर्वेकडून पश्चिमेकडे कमानीसारखी पसरलेली आहेत : यामानाका, कावागुचि, साइ, शोजि आणि मोतोसु. सकाळी ऊन पर्वताच्या पूर्व अंगावर पडते, म्हणून सकाळी ईशान्येच्या ओशिनो गावात असावे. हिवाळ्याच्या तोंडावर भर दुपारी सूर्य दक्षिणेला, म्हणजे कावागुचिच्या काठावरून पाहताना नेमका फुजीच्या वर येतो आणि पर्वताची आपल्याकडची बाजू काळवंडून जाते, म्हणून त्या वेळेत जेवण आणि छताखालच्या गोष्टी उरकाव्यात. सूर्य कलला की वायव्येच्या मोतोसु सरोवरावर पोहोचावे, कारण मावळतीचे ऊन तेथून दिसणाऱ्या उतारावर थेट पडते. यादीतला पॅगोडा गळाला, कारण त्याला ३९८ पायऱ्या आहेत. पाचवा टप्पा गळाला, कारण सुमारे २,३०० मीटर उंचीवर गेल्यावर फुजीचा आकार दिसत नाही, शिवाय नोव्हेंबरअखेरीस बर्फामुळे तो रस्ता अचानक बंद होतो. एका दुकानाच्या छपरावर फुजी बसल्यासारखे छायाचित्र मिळते म्हणून जगभर गाजलेली कावागुचि गावातली जागाही त्यांनी घेतली नाही. तेथे पर्यटक रस्त्यात उभे राहू लागल्याने २०२४ च्या मे महिन्यात गावाला अडीच मीटर उंचीची काळी जाळी लावावी लागली होती. आपल्या गावाचे तेवढेच चित्र पाहुण्यांनी न्यावे असे मला वाटत नाही, असे त्यांनी शांतपणे सांगितले, आणि मला ते पटले.

नोव्हेंबरअखेरच्या एका कामाच्या दिवशी, उजाडता उजाडता आम्ही निघालो. रविवारी संध्याकाळी परतीच्या चुओ द्रुतगती मार्गावर मोठी कोंडी होते, म्हणून दिवस मुद्दाम आठवड्यातला धरला होता. आकाश निरभ्र होते. उन्हाळ्यात फुजी आठवडेच्या आठवडे ढगात असतो, तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी या काळातल्या कोरड्या सकाळी तो दिसण्याची शक्यता सर्वाधिक असते. २०२४ मध्ये मात्र शिखरावर पहिला बर्फ दिसायला ७ नोव्हेंबर उजाडला, आणि १८९४ पासूनच्या नोंदींत इतका उशीर पूर्वी कधी झाला नव्हता, हे बाईंनी गाडीतच सांगितले. हे सांगताना त्यांच्या आवाजातली काळजी लपली नाही.

ओशिनोला पोहोचलो तेव्हा बसगाड्या यायच्या होत्या. गवतावर दहिवर गोठलेले होते आणि झऱ्यांच्या कुंडांवरून वाफ निघत होती. फुजीवर पडणारा पाऊस आणि वितळणारा बर्फ वरून वाहत येत नाही, तो सच्छिद्र लाव्ह्यात मुरतो. म्हणूनच ३,७७६ मीटर उंचीच्या या पर्वताच्या अंगावर बारमाही नद्या जवळपास नाहीत. मुरलेले पाणी लाव्ह्याच्या थरांतून गाळत गाळत अनेक वर्षांनी पायथ्याशी उमळते आणि ओशिनोची आठ कुंडे हे त्याचे सर्वांत देखणे रूप. ‘सह्याद्रीचा कातळही बेसॉल्टचाच, मग आमच्याकडे पावसाळ्यात हजार धबधबे का कोसळतात?’ असे बाबांनी विचारले आणि पुढे बराच वेळ त्या दोघांचे वयावर बोलणे चालले. दख्खनचा बेसॉल्ट साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा, घट्ट बसलेला, झिजलेला. आज दिसतो तो फुजी गेल्या सुमारे दहा हजार वर्षांत रचला गेला आहे, त्याची राख आणि भेगाळ लाव्हा अजून पाणी पिऊ शकतो.

कुंडांबद्दल एक गोष्ट नोंदवायला हवी. गावाच्या मध्यभागी, दुकानांच्या घोळक्यात एक गोल, खोल, निळेभोर तळे आहे आणि बहुतेक लोक त्याचीच छायाचित्रे काढून जातात. ते तळे माणसांनी खोदलेले आहे, आठ कुंडांत त्याची गणना होत नाही. बाईंनी आम्हाला तेथून पुढे वाकु या खऱ्या कुंडाशी नेले, जेथे तळातून पाणी उसळताना डोळ्यांना दिसते, आणि मग फुजीचे प्रतिबिंब धरणाऱ्या कागामी कुंडाशी. पूर्वी फुजीची यात्रा करणारे भाविक पर्वत चढण्यापूर्वी या आठही कुंडांत क्रमाने शुद्धिस्नान करीत. आईने काठावर वाकून ओंजळीत पाणी घ्यायला हात पुढे केला, पण कुंडात हात घालायचा नसतो, पिण्यासाठी बाजूला वेगळी सोय आहे, हे बाईंनी तिच्या दंडाला हलकेच हात लावून सांगितले. त्या सोयीच्या पाण्याने तिने आधी डोळे पुसले आणि मग ते प्यायली.

तेथून फुजियोशिदा शहरातील कितागुचि होंगू फुजी सेंगेन या देवस्थानात गेलो. उंचच उंच सूचिपर्णी वृक्षांच्या दुतर्फा रांगेतून, शेवाळलेल्या दगडी दीपांमधून वाट आत जाते. देवालयाच्या मागून फुजीवर चढण्याची जुनी योशिदा वाट सुरू होते. येथील देवता कोनोहानासाकुया-हिमे. पतीने गर्भाबद्दल संशय घेतल्यावर तिने दार नसलेल्या कुटीत शिरून ती पेटवली आणि धगधगत्या आगीतच सुखरूप पुत्रांना जन्म दिला. जिला आग शिवली नाही तीच या अग्निपर्वताला शांत ठेवील, या श्रद्धेने ती येथे पुजली जाते. आईने ‘सीतेसारखीच’ असे म्हटले आणि बाईंनी सीतेची गोष्ट सविस्तर विचारून घेतली. दरवर्षी २६ ऑगस्टला या गावाच्या रस्त्यावर पुरुषभर उंचीहून मोठ्या मशाली पेटवून चढाईचा हंगाम समाप्त करतात, ती प्रथाही याच देवतेशी जोडलेली आहे.

मला स्वतःला दिवसातील सर्वांत मोलाची वाटलेली जागा मात्र यानंतरची होती, आणि ती माझ्या यादीत नव्हतीच. फुजियोशिदाच्या कामियोशिदा भागात ‘ओशि’ म्हणवणाऱ्या पुरोहित-यजमानांची घरे होती. एदो काळात, म्हणजे टोकियोचे नाव एदो होते त्या काळात, फुजीच्या भक्तांची मंडळे त्या शहरात गल्लोगल्ली होती. सर्वांना यात्रा परवडत नसे, म्हणून सगळे मिळून वर्गणी साठवीत आणि दरवर्षी काही जणांना सर्वांच्या वतीने पाठवीत. पायी आलेल्या या यात्रेकरूंना ओशि आपल्या घरी उतरवून घेत, जेवू घालत, त्यांच्याकडून शुद्धिविधी करवून घेत, प्रार्थना म्हणवून घेत आणि चढाईची सोय लावून देत. हंगाम संपला की हिवाळ्यात ते आपल्या ठरलेल्या यजमान गावांना फिरून ताईत आणि प्रसाद वाटून येत. कोणाची गावे कोणाकडे, हे ठरलेले असे. हे ऐकताना आम्हा चौघांच्याही डोळ्यांसमोर नाशिक-त्र्यंबकचे क्षेत्रोपाध्ये आले, ज्यांच्या वह्यांत गावाच्या आणि आडनावाच्या आधाराने पणजोबांच्या सह्या सापडतात. बाबांनी आमच्या घराण्याच्या वहीची गोष्ट सांगितली, आणि पुढचा काही काळ गाइड कोण आणि पाहुणे कोण हेच कळेनासे झाले.

त्यांपैकी तोगावा यांचे जुने घर आता पाहण्यासाठी खुले आहे. रस्त्यापासून लांब, अरुंद वाट आत जाते, मध्ये एक छोटा वाहता ओहोळ आडवा येतो आणि त्यात हातपाय धुऊनच यात्रेकरू आत येत. घराच्या सर्वांत आतल्या दालनात देवघर आहे. तेथे जिकिग्यो मिरोकु या सत्पुरुषाची मूर्ती आहे. तेलाचा व्यापार करून मिळवलेले सर्व वाटून टाकून, १७३३ मध्ये भुकेने गांजलेल्या लोकांसाठी फुजीच्या अंगावर निराहार राहून त्याने देह ठेवला. त्यानंतर ही भक्तिमंडळे विलक्षण वाढली. स्त्रियांना मात्र शिखरावर बंदी होती. १८३२ मध्ये ताकायामा तात्सु या तरुणीने पुरुषवेशात शिखर गाठले आणि १८७२ मध्ये सरकारी आदेशाने बंदी उठली. १९६४ मध्ये पाचव्या टप्प्यापर्यंत मोटाररस्ता झाल्यावर चढणारे लोक गाव टाळून थेट वर जाऊ लागले आणि ओशि घरांचे यात्रेकरू आटले. याच घराच्या ओटीवर बसून बाई म्हणाल्या की आपल्या कामाची परंपरा त्या या घरांपासून धरतात. परक्या माणसाला पर्वतापर्यंत नेण्याआधी त्याला पर्वताजोगे करायचे, हे ओशि करीत आले, असे त्यांचे शब्द होते. मला त्यात थोडीही अतिशयोक्ती वाटली नाही.

युनेस्कोने २०१३ मध्ये फुजीला जागतिक वारसा म्हणून घेतले ते निसर्गाच्या यादीत नव्हे, तर सांस्कृतिक यादीत, श्रद्धास्थान आणि कलेची प्रेरणा म्हणून. त्या वारशाचे २५ घटक आहेत आणि त्यांत पाचही सरोवरे, ओशिनोची कुंडे, ही देवालये आणि तोगावांचे घरही येते. केवळ शिखराचे छायाचित्र घेऊन परतणारी सहल या वारशाचा फार थोडा भाग पाहते.

भर दुपारी आम्ही कावागुचिच्या उत्तर काठावर होतो. बाईंनी सांगितल्याप्रमाणे फुजी त्या वेळी उन्हाच्या झोतामागे फिकट निळा पडला होता. मेपलच्या पानांचा बहर ओसरून खाली लाल सडा पडला होता. जेवणासाठी ‘होतो’ नावाचा, यामानाशी या तेथील प्रांताचा खास पदार्थ होता. जाड, रुंद, गव्हाच्या पट्ट्या लाल भोपळ्याबरोबर आणि भाज्यांबरोबर मिसोच्या, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या, रश्श्यातच शिजवतात, आणि पहिल्या घासाला आईने त्याला वरणफळांची सख्खी बहीण ठरवून टाकले. शाकाहारी मंडळींनी येथे एक काळजी घ्यावी. पदार्थात मांस नसले तरी रश्श्याचा आधार बहुधा वाळवलेल्या मासळीचा अर्क असतो आणि आयत्या वेळी तो बदलता येत नाही. बाईंनी आधीच फोन करून समुद्री शेवाळ आणि शिताके अळंबीच्या अर्कावर आमच्यासाठी वेगळे पातेले चढवायला लावले होते. एवढे एक काम स्वतःच्या बळावर आम्हाला जमले नसते.

जेवणानंतरचा वेळ इत्चिकु कुबोता यांच्या किमोनो संग्रहालयात गेला. विशीत असताना कुबोतांनी टोकियोच्या राष्ट्रीय संग्रहालयात ‘त्सुजिगाहाना’ या लोप पावलेल्या रंगकामाचा एक जुना तुकडा पाहिला आणि ती कला पुन्हा उभी करण्याचे मनाशी धरले. पुढे महायुद्ध आले, सायबेरियात बंदिवास आला, आणि पहिले प्रदर्शन भरले तेव्हा त्यांनी साठी गाठली होती. शेजारीशेजारी टांगलेल्या किमोनोंवरून एकच निसर्गदृश्य पुढे सरकत जाते, त्यात फुजीही आहे. आई एका किमोनोच्या बाहीसमोर इतका वेळ उभी राहिली की बाईंनी पुढच्या एका थांब्यातून वेळ कापून तिला दिला. बसच्या सहलीत हे झाले नसते, एवढेच लिहिते.

साइ सरोवराकडे वळलो तशी गर्दी मागे पडली. ८६४ मध्ये, जपानी गणनेनुसार जोगान काळात, फुजीच्या वायव्य उतारावरून उद्रेक होऊन लाव्हा दोन वर्षे वाहत होता. तेव्हा येथे सेनोउमि नावाचे एकच मोठे सरोवर होते. लाव्ह्याने ते बुजवले आणि त्याच्या कडांना साइ आणि शोजि ही दोन सरोवरे उरली. मोतोसुही त्याच लाव्ह्याने आजच्या रूपात बांधले गेले. नकाशावर ही तीन सरोवरे वेगवेगळी दिसतात, परंतु तिघांच्या पाण्याची पातळी एकच, समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर असते आणि ती एकत्रच चढते-उतरते. यावरून ती जमिनीखालून अजून जोडलेली असावीत असे मानतात. पाऊस अतोनात झाला की शोजिजवळ आकाइके नावाचे सहावे तळे काही काळ वर येते आणि पुन्हा नाहीसे होते. बाबांनी लाव्हा कुठवर आला ते विचारले होते, त्याचे उत्तर असे तीन सरोवरांवर लिहिलेले निघाले.

त्या थिजलेल्या लाव्ह्यावर आओकिगाहाराचे अरण्य उगवले आहे. माती जवळपास नाही, त्यामुळे झाडांची मुळे खाली न शिरता शेवाळलेल्या दगडांवरून पसरतात. या अरण्याला जी दुःखद प्रसिद्धी मिळाली आहे तिच्याबद्दल कुतूहलाने बोलणे तेथील लोकांना फार लागते, म्हणून मीही येथे त्याबद्दल लिहिणार नाही. अरण्याच्या कडेला लाव्ह्यात तयार झालेल्या गुहा आहेत. आई आणि ताई वरच्या उपाहारगृहात थांबल्या आणि बाबा व मी बाईंबरोबर फुगाकु वातगुहेत उतरलो. जवळच्या दुसऱ्या, बर्फाच्या गुहेत वाट अरुंद व तीव्र उताराची आहे, ही त्या मानाने सोपी. आत वर्षभर सुमारे ३ अंश तापमान असते, म्हणून शीतकपाटे येण्यापूर्वी येथे रेशमाच्या किड्यांची अंडी आणि झाडांचे बी साठवीत. थंडीत अंडी उबत नाहीत, त्यामुळे किडे कधी बाहेर यावेत हे माणसाला ठरवता येई, आणि तुतीच्या पाल्याचा हंगाम साधून वर्षातून एकाहून अधिक पिके घेता येत.

रेशमाचा हा धागा साइ सरोवराच्या काठावरील नेम्बा या वाडीत पुढे चालू राहतो. शिरस्त्राणाच्या आकाराची गवती छपरे असलेली घरे, आणि त्यांच्या माळ्यावर रेशमाच्या किड्यांचे संगोपन, अशी ही वाडी १९६६ च्या सप्टेंबरात एका वादळी रात्री दरडीखाली गेली. कितीतरी माणसे दगावली, उरलेले कुटुंबकबिले दुसरीकडे वसवले गेले. २००६ मध्ये त्याच जागी सुमारे वीस घरे जुन्या पद्धतीने पुन्हा उभारली गेली. आज तेथे कारागीर बसतात, चहा मिळतो आणि समोर फुजी दिसतो. माळीण आणि इर्शाळवाडी ज्यांनी आपल्या हयातीत पाहिली आहे अशा आम्हा लोकांना ती सुंदर छपरे पाहताना कंठ दाटून येणे स्वाभाविक होते. एका घरात दरडीची माहिती आणि छायाचित्रे मांडलेली आहेत, आणि माझ्या मते तेथे गेल्याशिवाय नेम्बा पाहिले असे म्हणू नये.

जवळच, वाघळांच्या गुहेपाशी, एका माशासाठी उभारलेले छोटे दालन आहे. कुनिमासू हा मासा जगात फक्त उत्तरेकडच्या आकिता प्रांतातील ताझावा सरोवरात होता. १९४० च्या सुमारास वीजनिर्मिती आणि शेतीसाठी एका आम्लयुक्त नदीचे पाणी त्या सरोवरात सोडले गेले आणि तो नाहीसा झाला. पण त्याआधी, १९३५ मध्ये, त्याची काही अंडी साइ सरोवरात सोडण्यासाठी पाठवली गेली होती. येथील कोळी अधूनमधून जाळ्यात सापडणाऱ्या काळपट माशाला ओळखत होते, परंतु तो कोण हे कोणालाच माहीत नव्हते. मत्स्यप्रेमी चित्रकार आणि दूरचित्रवाणीवरील लोकप्रिय व्यक्ती साकाना-कुन यांना कुनिमासूचे चित्र काढायचे होते, त्यासाठी त्यांनी साइ सरोवरातून त्याच्यासारखे मासे मागवले, आणि २०१० मध्ये क्योतो विद्यापीठातील शास्त्रज्ञांनी हा तोच नष्ट समजला गेलेला मासा असल्याचे जाहीर केले. हे सांगताना बाईंचा चेहरा उजळला होता. या सरोवराने हा मासा सत्तर वर्षे सांभाळला, असे त्या म्हणाल्या.

शोजि हे पाचांत सर्वांत लहान. तेथे आम्ही थोडाच वेळ थांबलो, पण तेथून दिसणारे दृश्य कुठेच मिळत नाही : फुजीच्या पुढ्यात ओमुरो हा छोटा, जुना ज्वालामुखी असा उभा आहे की मोठ्या पर्वताने लेकरू कवेत घ्यावे. याच मोठ्या पर्वताचा शेवटचा उद्रेक १७०७ च्या डिसेंबरात झाला, आणि त्याची राख एदोपर्यंत पोहोचली. ज्या वर्षी औरंगजेब अहमदनगरजवळ मरण पावला तेच हे वर्ष, हे बाबांनी तत्काळ जोडून दिले. त्या उद्रेकाचे विवर पर्वताच्या आग्नेय अंगावर आहे, उत्तरेच्या सरोवरांवरून ते दिसत नाही.

साडेतीनच्या सुमारास मोतोसुच्या काठावर उतरलो. हे सर्वांत खोल सरोवर, १२० मीटरहून अधिक, आणि त्याचा निळा रंग इतर चौघांहून गडद. बाईंनी पाकिटातून जुनी हजार येनची नोट काढून बाबांच्या हातात दिली. २००४ पासूनच्या त्या नोटेच्या पाठीवर येथूनच दिसणारा फुजी आहे, ओकादा कोयो यांनी १९३५ मध्ये टिपलेल्या छायाचित्रावरून घेतलेला. जुलै २०२४ मध्ये आलेल्या नव्या नोटेवर त्याच्या जागी चित्रकार होकुसाइची प्रसिद्ध लाट आली आहे. छायाचित्राची नेमकी जागा अर्ध्या तासाच्या चढावर आहे. आम्ही काठावरूनच पाहिले. ऊन उतरत गेले, बर्फ आधी पिवळसर, मग गुलाबी झाला, आणि सकाळपासून सूर्याच्या मागोमाग पश्चिमेला सरकत येण्यामागचा सगळा हिशेब डोळ्यांसमोर जुळून आला. साडेचारपर्यंत सूर्य मावळला होता.

खर्चाबद्दल विचारणारे पुष्कळ जण असतील, म्हणून सांगते. गाइडचे मानधन, चालकासह गाडीचे भाडे, द्रुतगती मार्गाचा टोल, वाहनतळाचे शुल्क, प्रवेशशुल्के आणि गाइड व चालक यांचे जेवण, असे भाग असतात, आणि यांपैकी काय ठरलेल्या रकमेत आहे हे लेखी विचारून घ्यावे. चालकाच्या कामाच्या तासांना मर्यादा असते, त्यामुळे उशीर झाला तर जादा आकारणी होते. बक्षिसी देण्याची पद्धत नाही. आम्ही ताईने घरी केलेल्या करंज्या दिल्या आणि त्या घेताना बाई व चालक दोघेही वारंवार लवून आभार मानत राहिले. दोन माणसांसाठी हा खर्च जड वाटेल, तर चार-पाच जणांच्या कुटुंबात तो वाटला जातो.

यामानाका हे पाचांपैकी सर्वांत मोठे सरोवर त्या दिवशी राहिले, आणि ते बाईंनी सुरुवातीलाच सांगून गाळले होते. पाचांपैकी नैसर्गिकरीत्या नदी बाहेर पडते ती केवळ यामानाकातूनच आणि तीच पुढे सागामि नदी होऊन समुद्राला मिळते, त्यामुळे बाबांना हळहळ वाटली. पण ऑक्टोबरच्या मध्यापासून फेब्रुवारीअखेरपर्यंत, काठावरची नेमकी जागा धरून बसले तर, मावळता सूर्य बरोबर फुजीच्या माथ्यावर टेकलेला यामानाकाहून दिसतो, आणि त्यासाठी संध्याकाळ राखून ठेवावी लागते. मोतोसु आणि यामानाका यांना एकच संध्याकाळ पुरत नाही. ताईने फेब्रुवारीतल्या एका रविवारच्या बसची तिकिटे काढली आहेत. काठावर कोणत्या तारखेला कुठे उभे राहायचे याचा तक्ता बाईंनी तिला पाठवून दिला आहे.